विश्लेषण : किर्लोस्करांचा लोखंडी नांगर दोन वर्षे पडून का राहिला? चुकलेल्या वाटांनी लक्ष्मणरावांना काय शिकवले?

डोंबिवली-अंबरनाथच्या औद्योगिक पट्ट्यातली एखादी शेड असो वा सोसायटीच्या टाकीशेजारची पंपाची खोली, किर्लोस्कर हे नाव कुठे ना कुठे दिसतेच. हे नाव ज्यांच्यामुळे यंत्रांवर आले, त्या लक्ष्मण काशिनाथ किर्लोस्कर यांना मुळात यंत्रे बनवायचीच नव्हती. त्यांना चित्रकार व्हायचे होते. ते जमले नाही. मग पक्की नोकरी धरली, तीही सुटली. पहिला मोठा नमुना बाजारात आणला, तो विकला गेला नाही. कारखाना उभा केला, तर जागा हातची गेली. आज डिझाइन हा शब्द मोबाइलच्या पडद्यापासून फर्निचरपर्यंत सगळीकडे वापरला जातो. पण सव्वाशे वर्षांपूर्वी, हा शब्द मराठीत रुळण्याच्या आधी, कागदावरच्या आकृतीतून वापरायची वस्तू घडवण्यात हा माणूस कुठे कुठे अडखळला आणि प्रत्येक वेळी त्याने पुढच्या कामात काय बदलले, हे पाहण्यासारखे आहे.

चित्रकार होण्याचे स्वप्न कशामुळे मोडले?

लक्ष्मणरावांचा जन्म २० जून १८६९ रोजी बेळगाव जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचा. संगीत रंगभूमीचे अण्णासाहेब किर्लोस्कर याच गावचे. शाळेच्या अभ्यासात लक्ष्मणरावांचे मन रमत नसे. हात मात्र सतत काहीतरी काढण्यात नाहीतर जोडण्यात गुंतलेला. थोरले बंधू रामूअण्णा यांनी पाठबळ दिले आणि १८८५ मध्ये ते मुंबईला सर जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये दाखल झाले. वडिलांच्या मनात नसताना, भावाच्या पैशावर केलेले हे धाडस होते.

सुमारे दोन वर्षे शिक्षण झाल्यावर लक्षात आले की, त्यांना काही रंग नीट ओळखता येत नाहीत. म्हणजे अंशतः रंगांधळेपणा. रेषा उत्तम, प्रमाण अचूक, पण रंग भरायला घेतला की गफलत. चित्रकाराच्या बाबतीत यावर उपाय नव्हता.

इथे प्रश्न पडतो, की दोन वर्षे हे कळले कसे नाही? रंगांधळेपणा बहुधा जन्मजात असतो. डोळ्याच्या पडद्यात रंग ओळखणाऱ्या शंकूच्या आकाराच्या पेशी असतात. त्यांच्यातल्या एखाद्या प्रकारात दोष असला की काही रंग एकमेकांसारखे भासतात. ज्याला जन्मापासून तसेच दिसते, त्याला आपले जग वेगळे आहे हे कळायला कारणच नसते. हा दोष बायकांपेक्षा पुरुषांत कितीतरी जास्त आढळतो. आज नेत्रतपासणीत ठिपक्यांच्या वर्तुळातला आकडा वाचायला सांगतात, ती इशिहारा चाचणी १९१७ सालची. लक्ष्मणराव जे. जे.मध्ये होते तेव्हा युरोपात रेल्वे कर्मचाऱ्यांसाठी रंगीत लोकरीच्या लडी जुळवण्याची परीक्षा घेतली जात होती, तीही स्वीडनमध्ये १८७५ साली झालेल्या एका रेल्वे अपघातानंतर. चित्रकलेच्या विद्यार्थ्याचे डोळे तपासून मग त्याला प्रवेश द्यावा, हे कुणाच्या डोक्यात येण्याचा प्रश्नच नव्हता.

मग दोन वर्षे वाया गेली का?

पूर्ण वाया गेली नाहीत. लक्ष्मणरावांनी रंगाचा नाद सोडला आणि यांत्रिक रेखाटनाकडे मोर्चा वळवला. यंत्राचा कुठलाही भाग वरून, समोरून आणि बाजूने कसा दिसतो, मधून कापला तर आत काय दिसेल, कुठल्या भोकाचा व्यास किती, कुठली कड किती जाड, हे सगळे मोजून कागदावर मांडायचे आणि ते अशा बेताने मांडायचे की, ज्याने वस्तू कधी पाहिलेली नाही त्या कारागिरालाही ती बनवता आली पाहिजे. या कामाला रंग लागत नाही. लागते ती रेषेची शिस्त, आणि ती त्यांच्याकडे होती.

मुंबईत १८८७ मध्ये व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूट सुरू झाली. आजची माटुंग्याची व्हीजेटीआय ती हीच; तेव्हा ती भायखळ्याला होती. तिथे यांत्रिक रेखाटनाचे सहायक शिक्षक म्हणून लक्ष्मणरावांना नोकरी मिळाली. शिकवता शिकवता ते स्वतः यंत्रे शिकले. अभियांत्रिकीची पदवी त्यांच्याकडे कधीच नव्हती. संस्थेच्या कार्यशाळेत यंत्र उघडायचे, कुठला दाता कुठे बसतो ते पाहायचे आणि पुन्हा जोडायचे, ही त्यांची पदवी.

सायकलचे दुकान कुठून आले?

मुंबईच्या रस्त्यावर तेव्हा सायकल ही अपूर्वाईची वस्तू होती. लक्ष्मणराव मुंबईहून सायकली पाठवायचे आणि रामूअण्णा त्या बेळगावला विकायचे, असा दोघा भावांचा जोडधंदा सुरू झाला. दुकानावर पाटी लागली किर्लोस्कर ब्रदर्स. उद्योगसमूह आपली स्थापना १८८८ सालची मानतो, ती या दुकानापासून.

या दुकानाकडे किर्लोस्करांच्या चरित्रात बहुतेक जण एक गमतीचा प्रसंग म्हणून पाहतात. पण विक्रीबरोबर दुरुस्ती आली, आणि दुरुस्तीला आलेली वस्तू कारखान्यातून निघालेल्या वस्तूपेक्षा जास्त बोलते. कुठला भाग आधी झिजतो, गिऱ्हाईक वस्तू कशी चुकीच्या पद्धतीने वापरते, सुटा भाग मिळाला नाही की किती चिडते, हे रेखाटनाच्या वर्गात शिकवले जात नाही.

पक्की नोकरी का सोडली?

संस्थेत बढतीची जागा रिकामी झाली. ती आपल्याला मिळेल अशी लक्ष्मणरावांची अपेक्षा होती. मिळाली एका अँग्लो-इंडियन माणसाला. काम येते, अनुभव आहे, म्हणजे पद मिळेल हा हिशेब वसाहतीच्या राज्यात चुकीचा होता. १८९७ च्या सुमारास त्यांनी राजीनामा दिला आणि बेळगाव गाठले.

त्या काळी पगारी नोकरी सोडून गावी परतणे हे आजच्यापेक्षा फार मोठे धाडस होते. घरात बायको, राधाबाई. पाठीशी भांडवल म्हणावे तर सायकलचे दुकान. कर्ज देणारी बँक दारात उभी नव्हती. रामूअण्णांनी मात्र इथेही साथ सोडली नाही, आणि किर्लोस्करांच्या यशाची गोष्ट सांगताना या थोरल्या भावाला नेहमी थोडी कमीच जागा मिळते.

पहिली यंत्रे कोणती?

सुरुवात झाली कडबा कापण्याच्या यंत्राने. ज्वारीचा कडबा अख्खा टाकला तर जनावर पाला खाते आणि बुडखा तुडवते. बारीक तुकडे करून दिला तर तोच कडबा जास्त दिवस पुरतो. दुष्काळी पट्ट्यात ही बचत लहान नव्हती. यंत्र साधे होते, गरज डोळ्यांना दिसणारी होती. त्यानंतर लक्ष्मणरावांनी हात घातला तो नांगराला.

लोखंडी नांगर दोन वर्षे का विकला गेला नाही?

१९०३ च्या आसपास पहिला किर्लोस्कर नांगर तयार झाला. विलायती लोखंडी नांगर डोळ्यांसमोर होता. तसा इथे बनवायचा, इथल्या मातीसाठी, कमी किमतीत, हा विचार. नांगर चांगला होता. पण पहिला नांगर विकला जायला सुमारे दोन वर्षे लागली. शेतकऱ्यांचे म्हणणे असे, की लोखंडाने जमिनीला विष चढते.

हा प्रसंग सांगताना बहुतेक लेखक शेतकऱ्याच्या अंधश्रद्धेवर ठपका ठेवून पुढे जातात. जरा थांबून शेतकऱ्याच्या बाजूने पाहायला हवे.

गावातला नांगर लाकडाचा. बाभळीचे खोड, हाळीस, रुमणे आणि टोकाला लोखंडी फाळ. तो बनवणारा आणि दुरुस्त करणारा गावचा सुतार, फाळ शेवटणारा लोहार. दोघेही बलुतेदार. वर्षाच्या सुगीला त्यांना ठरलेले धान्य दिले की वर्षभर नांगराची चिंता नाही. रोख पैसा लागत नाही. आता या शेतकऱ्यासमोर एक लोखंडी वस्तू येते. ती रोख पैशाने घ्यायची. मोडली तर गावच्या सुताराला तिचे काही करता येणार नाही. ती विकणारा बेळगावचा माणूस पुढच्या वर्षी दुकान चालू ठेवील की नाही याची खात्री नाही. आणि एका मोसमाची नांगरट फसली तर घरात वर्षभर दाणा नाही. जमिनीला विष चढते हे कारण विज्ञानात बसणारे नव्हते, पण त्यामागची धास्ती हिशेबी माणसाची होती.

शिवाय नांगराने मातीत काय होते, हेही लक्षात घेतले पाहिजे. देशी नांगर माती फाडत जातो, उलटवत नाही. लोखंडी नांगराला फाळामागे वळणदार पाटी असते. तिच्यावरून मातीचा पट्टा सरकतो आणि पालथा पडतो. हरळी, कुंदा यांसारख्या खोल मुळांच्या तणांवर हा जालीम उपाय. काळ्या जमिनीत अवजड लाकडी नांगराला सहा-सहा, आठ-आठ बैल जुंपावे लागत. पण पहिल्यांदा खालची माती वर आलेली पाहणाऱ्याला ते जमिनीचे नुकसान वाटले, तर त्यात नवल नाही. पिढ्यान्पिढ्या वरच्या थराला जपलेले असते.

थोडक्यात, कागदावर नांगराचे सगळे माप बरोबर होते. ज्याच्या हातात रुमणे जाणार त्याचा हिशेब त्या मापांत धरलेला नव्हता.

हे फक्त आपल्याकडेच घडले का?

नाही. अमेरिकेत न्यू जर्सीच्या चार्ल्स न्यूबोल्डने १७९७ मध्ये ओतीव लोखंडाच्या नांगराचे पेटंट घेतले. तिथल्या शेतकऱ्यांनीही हेच म्हटले, की लोखंडाने जमीन नासते आणि तण वाढते. म्हणजे बेळगावच्या शंभर वर्षे आधी, छापखाना, शाळा, वर्तमानपत्रे असलेल्या मुलखात अगदी हीच भीती होती. न्यूबोल्डचा नांगर बहुतेक एकाच अखंड ओतकामाचा होता. दगडाला लागून टोक तुटले, की अख्खा नांगर भंगारात. त्याने अखेर नाद सोडला.

तिथे लोखंडी नांगराला खरे गिऱ्हाईक मिळवून दिले ते जेथ्रो वुडने. त्याच्या १८१९ च्या पेटंटमधला नांगर सुट्या भागांचा होता. फाळ झिजला तर फक्त फाळ बदलायचा. पुढे १८३७ मध्ये जॉन डिअरने चिकट मातीसाठी गुळगुळीत पोलादी पाटी वापरली, कारण इलिनॉयची माती ओतीव लोखंडाला चिकटून बसत असे. विष चढण्याची समजूत कुणी भाषण देऊन घालवली नाही. तुटलेला भाग स्वस्तात बदलता येऊ लागला, शेजाऱ्याच्या शेतात पीक चांगले आले, आणि समजूत आपोआप मागे पडली.

मग इथल्या शेतकऱ्याने नांगर कसा स्वीकारला?

न्यूबोल्डने सोडले, लक्ष्मणरावांनी सोडले नाही, हा पहिला फरक. पण नुसत्या चिकाटीने नांगर विकला जात नाही. नांगर शेतात चालला पाहिजे आणि तो चालताना दिसला पाहिजे. पहिले नांगर गेले आणि त्या शेतांत तण कमी झाले, नांगरट खोल झाली, हे बांधावरच्या माणसाने पाहिले. कोरडवाहू भागात एका शेतकऱ्याचे शेत ही दुसऱ्यासाठी जाहिरातच असते.

दुसरी गोष्ट फाळाची. नांगराचा सर्वाधिक झिजणारा भाग फाळ. शेतकरी नांगर एकदाच घेतो, फाळ पुनःपुन्हा घेतो. नांगर विकून निघून जाणाऱ्या व्यापाऱ्याला हे परवडते, कारखानदाराला नाही. त्याला मोसमात गावाजवळ फाळ मिळेल अशी सोय करावी लागते, आणि आज घेतलेला फाळ मागच्या वर्षीच्या नांगराला बिनचूक बसेल इतके माप सांभाळावे लागते. जे. जे.च्या वर्गातून यांत्रिक रेखाटनाकडे वळलेल्या माणसाची शिस्त इथे कामाला आली असे म्हणायला हरकत नाही.

हळूहळू मागणी इतकी वाढली, की किर्लोस्कर आणि नांगर हे शब्द खेड्यापाड्यांत जोडीने घेतले जाऊ लागले. पण त्याआधी आणखी एक तडाखा बसायचा होता.

बेळगाव का सोडावे लागले?

धंदा जम बसवू लागला आणि बेळगाव नगरपालिकेच्या निर्बंधांमुळे कारखाना तिथून हलवण्याची वेळ आली. ओतकामाची भट्टी, अवजड यंत्रे, कामगार, त्यांची घरे हे सगळे उचलून न्यायचे कुठे? कारखान्याची जागा उद्याही आपल्या ताब्यात राहील, हे गृहीत धरणे महागात पडले होते.

या वेळी मदतीला आले औंधचे बाळासाहेब पंतप्रतिनिधी. लक्ष्मणरावांपेक्षा वर्षभराने मोठे, १९०९ च्या अखेरीस गादीवर आलेले, आणि स्वतः हाडाचे चित्रकार. रंगांनी ज्याला नाकारले त्याला रंगात बुडालेल्या राजाने जागा दिली, हा योगायोग चरित्रात शोभून दिसतो. कुंडल रोड नावाच्या आडबाजूच्या रेल्वे स्टेशनाजवळ ३२ एकर माळरान आणि १० हजार रुपयांचे कर्ज मिळाले. १० मार्च १९१० रोजी तिथे मुहूर्त झाला. सोबत २५ कामगार आणि त्यांची कुटुंबे.

जागा कसली? निवडुंगाचे रान आणि सापांचा सुळसुळाट. पाण्याची वानवा. बाजारपेठ म्हणावी तर जवळ काही नाही. जमेची बाजू एकच आणि ती मोठी : दारात रेल्वे. कच्चे लोखंड येऊ शकत होते, नांगर जाऊ शकत होते. बेळगावला कारखाना शहराच्या वाढीच्या आड आला होता; इथे कारखान्याभोवतीच गाव वसवायचे होते. त्यामुळे यंत्रांच्या मांडणीबरोबर घरे, रस्ते, पाणी, शाळा यांचीही आखणी आली. आजच्या सांगली जिल्ह्यातल्या पलूस तालुक्यातली ही किर्लोस्करवाडी. स्टेशनाचेही नाव पुढे तेच झाले. पुणे-मिरज मार्गावरून जाणाऱ्यांना ते माहीत असेल.

महायुद्धाने काय शिकवले?

१९१४ ला महायुद्ध पेटले आणि लोखंड-कोळशाची टंचाई सुरू झाली. नांगराला मागणी आहे, आकृती आहे, कारागीर आहेत, पण ओतायला धातू नाही. जुने लोखंड मिळेल तिथून गोळा करून भट्टीत घालणे सुरू झाले. कोल्हापूरच्या शाहू महाराजांनी संस्थानातल्या जुन्या, निकामी तोफा वितळवण्यासाठी दिल्या, ही आठवण त्या भागात आजही सांगितली जाते. युद्धामुळे विलायती नांगर येणे अवघड झाले आणि देशी नांगराला वाव मिळाला, हेही तितकेच खरे. संकटाने जेवढे घेतले तेवढे दिले.

एकाच वस्तूवर विसंबण्याचा धोका मात्र स्पष्ट झाला. नांगर हंगामी, पाऊस चुकला की मागणी संपली. किर्लोस्करवाडीच्या यादीत उसाचे चरक, भुईमुगाच्या शेंगा फोडण्याचे यंत्र, हातपंप अशा वस्तू येत गेल्या. या सगळ्या यंत्रांत एक साम्य आहे. शेतकरी जे काम आधीपासून हाताने किंवा बैलाने करतो, तेच काम कमी श्रमात करून देणारी ही यंत्रे आहेत. नव्या सवयीची मागणी करणारा नांगरासारखा नमुना त्यांत क्वचितच दिसतो. हे ठरवून झाले असेल वा अनुभवाने, पण १९०३ ची चूक पुन्हा झालेली दिसत नाही.

गिऱ्हाइकाशी बोलण्याची सोय कशी केली?

१९२० मध्ये किर्लोस्कर ब्रदर्स ही लिमिटेड कंपनी झाली आणि त्याच वर्षी किर्लोस्कर खबर सुरू झाली. पुढे मराठी मासिकांच्या दुनियेत गाजलेले किर्लोस्कर मासिक ते हेच. स्त्री आणि मनोहर ही भावंडे नंतरची. पण खबरचा जन्म साहित्यासाठी झाला नव्हता. कारखान्याची यंत्रे, ती वापरणारे लोक आणि विक्रेते यांच्यात दुवा राहावा म्हणून निघालेले ते पत्रक होते. दोन वर्षे एकही नांगर न विकलेल्या कारखान्याने अखेर छापखाना टाकला, तो गिऱ्हाइकापर्यंत पोहोचण्यासाठी.

संपादक होते पुतणे शंकरराव. ते चित्रकला शिकलेले, व्यंगचित्रे काढणारे. लक्ष्मणरावांना ज्या रंगांनी दगा दिला, ते रंग घराण्याच्या उद्योगात पुतण्याच्या हाताने आले.

पुढची पिढी आणि लक्ष्मणराव…

मुलगा शंतनुराव १९२६ मध्ये अमेरिकेच्या एमआयटीतून अभियंता होऊन परतला. पंप, तेलावर चालणारी इंजिने, विजेच्या मोटारी असा उद्योगाचा पसारा वाढत गेला. १९४१ मध्ये हरिहरला लेथ यंत्रांचा कारखाना, १९४६ मध्ये पुण्यात ऑइल इंजिन्स आणि बंगळूरला इलेक्ट्रिक कंपनी. पदवी नसलेल्या बापाने पदवीधर मुलाकडे सूत्रे सोपवली.

तीसच्या दशकातल्या जागतिक मंदीत शेतमालाचे भाव कोसळले, नांगराला गिऱ्हाईक उरले नाही, तेव्हा कारखाना तगला तो नांगराशिवायच्या वस्तूंमुळे. लक्ष्मणरावांनी हे सगळे पाहिले. २६ सप्टेंबर १९५६ रोजी त्यांचे निधन झाले. जन्मशताब्दीला, २० जून १९६९ रोजी, टपाल खात्याने त्यांच्या नावे तिकीट काढले. बेळगावात, जिथून कारखाना हलवावा लागला होता, तिथे आज किर्लोस्कर रोड आहे.